नळ मागायला गेलो त्याची हकिकत

समस्त मुंबईकर चाकरमानी मंडळींना आंबेटकोंडच्या गंगारामाचा नमस्कार. मंडळाच्या पुस्तकात दरवर्षी अध्यक्षांचं मनोगत असतं, वारलेल्यांची नावं असतात, आणि मागच्या पानावर देवळाचा फोटो असतो. यंदा तुम्ही सगळ्यांनी पत्रं टाकून एकच विचारलंत, की देवळात पाइप येऊन पडलेत ते आले कसे? गावात त्याच्या सतरा गोष्टी झाल्यात. एका गोष्टीत तर मी मडमेशी इंग्रजीत भांडलो. म्हणून शाळेचे गुरुजी बोलले, "गंगाराम, तू गेला होतास, तूच सांग, मी लिहून घेतो." तर मी सांगतोय, ते लिहितायत, आणि मधनं मधनं चष्मा काढून कपाळाला हात लावतायत.

मला लिहिता येत नाय. शाळेत मी दीड दिवसाचा गणपती. बसवला, आरती झाली, विसर्जन. नाव गंगाराम, आणि फाल्गुन लागला की वाडीत पाण्याची बोंब. मुंबईलाही जाऊन आलोय. थोरल्या भावानं गिरणीत चिकटवलं, तर आठव्या दिवशी मुकादम बोलला, "ह्याला गावी पाठवा, हा मशीन बघून हसतो." पुढं संप झाला, गिरण्याच बसल्या, भाऊ वॉचमन झाला. पण घरी बसण्यात मी सगळ्या गिरणगावाच्या आधी. आयुष्यात तेवढाच पहिला नंबर.

बोलका माणूस पाहिजे

रत्नागिरीच्या एका संस्थेच्या सुनंदाताई भातझोडणी चालू असताना वाडीत चालत आल्या. देवळात गावकी बसली. ताई बोलल्या, "वरच्या कातळाखालचा झरा बारमाही आहे. तिथनं पाइप टाकला तर पाणी आपसूक वाडीत उतरेल. पाइप आणि सिमेंट परदेशातली एक संस्था देईल. मोजमाप आणि परवानगी सरकारची. खोदाई गावाची, आणि पुढची देखभालही गावाची."

एवढं ऐकून आम्ही खूश. पुढं त्या बोलल्या, "पण मागणारी गावं तीन आहेत, आणि पाइप एकाच गावापुरते. परदेशातनं बाई येणार, ती गावच्या माणसांशी स्वतः बोलणार, मग ठरणार. त्याआधी समुद्राकडच्या एका वाडीनं हे कसं चालवलंय ते बघून घ्या. तीन माणसं द्या. त्यात एक बाई पाहिजे."

आमचे गावकार धोंडूबाबा. देवाला गाऱ्हाणं घालायचं ते त्यांनी, आणि गावकीत पहिला शब्दही त्यांचा. ते बोलले, "बाई कशाला?"

"पाणी कोण भरतं, बाबा?" ताईंनी विचारलं.

सगळ्यांनी देवळाचं छप्पर बघायला घेतलं. कौलं नीट होती.

तेवढ्यात खांबाच्या पलीकडं, बाया उभ्या असतात तिथनं, आमची जानकी वयनी बोलली. म्हणजे मुंबईला वॉचमन आहे त्या माझ्या थोरल्या भावाची बायको. "मी जाते. पण तीन दिवस माझ्या घरचं पाणी कोण भरील, ते आधी ठरवा."

गावकीत बाईमाणसाचा आवाज पहिल्यांदा आला, आणि आला तो असा.  शेजारच्या चार बायांनी पाळ्या लावून घेतल्या, तेव्हा वयनी मोकळी झाली.

गावकार म्हणून धोंडूबाबा जाणारच होते. तिसरा कोण? धोंडूबाबांनी माझ्याकडं बोट केलं. "गंग्याला घ्या. ह्याचं तोंड रेडिओसारखं, सेल काढले तरी चालू. मडमेपुढं बोलका माणूस पाहिजे."

मी छाती काढून बसलो. सगळ्या वाडीचं पाणी माझ्या जिभेच्या टोकावर ठेवलंय, हे तेव्हा कळतं तर तिथंच जीभ चावली असती.

रत्नागिरी

यष्टीच्या प्रवासाचं सांगत नाय. धोंडूबाबांना यष्टी लागते आणि खिडकीत मी बसलो होतो, एवढं सांगतो. बाकीचं तुम्ही समजा.

संस्थेनं आम्हाला दोन खोल्या दिल्या. मोरीत नळ. वयनीनं तो सोडला, ओंजळ भरली, लगेच बंद केला. परत सोडला, परत बंद केला. मी बोललो, "काय वयनी, खेळणं मिळालं काय?"

"बघते भावजी," ती बोलली. "इथली बाई सकाळी उठून पहिलं काय करत असंल, ते बघते. हिला तर दिवस खायला उठत असंल."

मग मी आंघोळीला गेलो. नळ उलटा पिळला, आणखी पिळला, आणि डोकं माझ्या हातात आलं. पाणी आढ्यापर्यंत. मी अंगठा लावला आणि तसाच बसून राहिलो, अंगावर लंगोट. गावच्या कागदांवर आजवर ह्या अंगठ्यानं निशाण्या केल्यात, पण इतकं जबाबदारीचं काम त्याच्याकडं कधी आलं नव्हतं. बाहेरनं धोंडूबाबा ओरडतायत, "गंग्या, मेलास काय?" मी ओरडतोय, "बाबा, मी उठलो तर रत्नागिरी बुडंल!" शेवटी संस्थेचा माणूस पक्कड घेऊन आला. सुनंदाताई हसल्या, पण जरा काळजीनंच हसल्या. नळ मागायला आलेला माणूस पहिल्याच दिवशी नळ मोडतो, हे काय चांगलं लक्षण नाय.

पूर्णगडच्या अलीकडं

दुसऱ्या दिवशी पूर्णगडच्या रस्त्याला लागलो. कातळाचा सडा संपला, यष्टी वळली आणि खाली एकदम समुद्र. आपण रत्नागिरी जिल्ह्याची माणसं, पण आम्हा डोंगराकडच्यांना समुद्र म्हणजे सुकट येते ते गाव. धोंडूबाबांनी सत्तरीत पहिल्यांदा बघितला. हात जोडले आणि बोलले, "एवढं पाणी! आणि म्हणे ह्यांनाही पाण्याचीच अडचण!"

ते खरंच होतं. त्या मासेमारी करणाऱ्या खारव्यांच्या वाडीत पुढं समुद्र आणि विहिरी मचूळ. गोडं पाणी लांबच्या मळ्यातल्या विहिरीत. तिथनं पंपानं टाकीत आणि टाकीतनं नळाला. हे सगळं बघणाऱ्या बाईचं नाव हिराकाकू. उंच, काळीभोर, आवाज असा की होडीतल्या नवऱ्याला किनाऱ्यावरनं हाक मारावी.

आधी तिनं जेवायला वाढलं. ताज्या बांगड्याचं तिखलं, तांदळाची भाकरी, वर सोलकढी. आमच्याकडं मासा म्हणजे वाळका, नायतर पऱ्याच्या वाहत्या पाण्यातला बोटभर. मी अधाशासारखा खाल्ला आणि काटा अडकला. डोळे पांढरे.

हिराकाकू बोलली, "कोरड्या भाताचा गोळा गिळा, पाव्हणे. चावू नका. आणि बोलू नका."

"तेवढंच त्याला जमत नाय," वयनी बोलली.

दोघी अशा हसल्या की जशा एका गावच्या माहेरवाशिणी. काटा गेला, पण तासभर माझा आवाज बसला. त्या तासात मला बरंच ऐकू आलं. बोलणं बंद असलं की कानात जागा होते.

हिराकाकूनं सांगितलं ते असं. पंपाची किल्ली कोणाच्या घरी कायमची राहत नाय. रोज पुढच्या घरी जाते. ज्याच्या घरी किल्ली, त्यानं त्या दिवशी पंप चालवायचा, टाकीभोवती झाडायचं, गळती दिसली तर सांगायचं. पहिल्या वर्षी एका बड्या घरानं किल्ली चार दिवस ठेवून घेतली. मग बायांनी काय केलं, तर सगळ्या आपापले हंडे घेऊन त्या घराच्या ओटीवर जाऊन बसल्या. भांडल्या नाय. नुसत्या बसल्या, मासळी निवडायला तिथंच घेतली. संध्याकाळपर्यंत वासानं किल्ली बाहेर आली.

धोंडूबाबांना वेगळाच प्रश्न पडला होता. तुम्हाला माहीत आहे, आपल्या गावात मानाशिवाय पान हलत नाय. पालखीला खांदा आधी कोणाचा, नारळ आधी कोणाचा. त्यांनी विचारलं, "नळावर पहिल्या हंड्याचा मान कोणाचा?"

हिराकाकूला प्रश्नच कळला नाय. परत विचारल्यावर ती बोलली, "ज्या घरात बाळंतीण, त्या घरचा हंडा पहिला. बाळंतीण नसंल कुठं, तर जी आधी आली ती."

"आणि मानकरी?"

"ते पाणी भरायला येतात तुमच्याकडं?"

धोंडूबाबा उठले आणि यष्टीच्या वाटेला लागले. मला वाटलं रागावले. यष्टीत खिडकी ह्या वेळी मी त्यांना दिली. पावस मागं पडल्यावर ते हळूच बोलले, "बाळंतिणीचा हंडा. चांगलं आहे. आपल्याला सुचलं नाय." सत्तर वर्षांच्या माणसानं "आपल्याला सुचलं नाय" असं बोललेलं मी पहिल्यांदा ऐकलं.

भाट्ये

तिसऱ्या दिवशी खरी परीक्षा. भाट्याच्या किनाऱ्यावरच्या सुरूच्या झाडांखाली सतरंज्या घातल्या होत्या. तिन्ही गावांची माणसं, सुनंदाताई, जिल्ह्याच्या ऑफिसातले एक साहेब फायली घेऊन, आणि ती परदेशी बाई. एल्साबाई तिचं नाव. केस पांढरे, नाक उन्हानं सोललेलं, पायाला फोड आले होते म्हणून चपला काढून वाळूत पाय खुपसून बसलेली. तिच्या गावाला सहा महिने बर्फ असतो म्हणे. धोंडूबाबांनी विचारलं, मग तुम्हाला पाण्याची चिंता नाय? तर ती बोलली, आमच्या आजीच्या वेळी तिथंही बायाच बर्फ फोडून पाणी आणायच्या. ताई तिचं इंग्रजी आम्हाला सांगत होत्या आणि आमचं तिला.

पहिल्या दोन गावांचं झालं. त्यांनी अडचणी नीट सांगितल्या. मग आमचं नाव आलं. साहेबांनी फाइल उघडली आणि बोलले, "आंबेटकोंडमध्ये सरकारी विहीर झालेली आहे. कागदावर पाण्याची सोय आहे."

ती विहीर तुम्हाला माहीत आहे. शिमग्यानंतर तिच्यात बेडूकसुद्धा राहत नाय.

एल्साबाईनं माझ्याकडं बघून हसून विचारलं. ताईंनी सांगितलं, "त्या विचारतायत, घरात प्यायला, वापरायला पाणी पुरतं का?"

आता मंडळी, आपली रीत काय? पाव्हण्यानं विचारलं, बरं चाललंय ना, तर वरनं कौल गळत असलं तरी आपण बोलतो, झकास! पाव्हण्यापुढं घरचं उणं काढायचं नाय. आयनं मला शिकवलेल्या गोष्टींतली तेवढीच एक माझ्या डोक्यात राहिली होती, ती नेमकी तेव्हा वर आली. त्यात म्हातारी बाई, लांबनं आलेली, पायाला फोड. मी हात जोडून ठासून बोललो, "पाण्याला काय कमी नाय, बाई! माझ्या घरी कधी पण या. हंडे भरलेले असतात. आंघोळ करा, चहा प्या. आमच्या घरातनं पाव्हणा आजवर तहानेला गेला नाय!"

 मनात आणलं असतं तर सुनंदाताईंना दुसरंच काय सांगता आलं असतं. पण नाय, जसं होतं तसं सांगितलं. बाईनं वहीत लिहून घेतलं. साहेबांनी फाइल मिटली. "मग प्रश्नच मिटला. कागद बरोबर आहे."

धोंडूबाबांचं कोपर माझ्या बरगडीत बसलं. तेव्हा मला कळलं मी काय केलं ते. सावरायला गेलो. "नाय म्हणजे... आहे, पण नाय. पावसात आहे. म्हणजे घरात आहे, पण गावात नाय..." ताई सांगता सांगता अडखळल्या. दुसऱ्या गावातला एक म्हातारा फेटा तोंडावर धरून हसायला लागला. बाई समजुतीनं मान हलवत होती आणि वहीचं पान उलटत होती. त्या पानावर आपली वाडी होती. माझ्या तोंडाला पहिल्यांदा कोरड पडली.

वयनी आमच्या मागं बसली होती, पदर कपाळापर्यंत. तिनं सुनंदाताईंना विचारलं, "मी बोलू काय?"

"बोला ना."

ती पुढं येऊन एल्साबाईसमोर बसली. आणि तिनं डोक्यावरचा पदर खाली घेतला.

धोंडूबाबांसमोर तिनं लग्न होऊन आल्यापासून कधी डोकं उघडं टाकलं नव्हतं. साहेबांनी मान वळवून समुद्राकडं बघितलं. मी खाली बघायला पाहिजे होतं, पण बघितलं. मधोमध, चुंबळ बसते तिथं, वाटीएवढी जागा. एक केस नाय. कातडी घट्ट, चकचकीत, पायाच्या टाचेसारखी. एका घरात राहून मी ते कधी बघितलं नव्हतं.

वयनी बोलली, आणि हळूच बोलली. "भावजी खोटं नाय बोलले. आमच्या घरात हंडे भरलेलेच असतात. पाव्हण्याला कधी कमी पडलं नाय. कारण ते मी आणते. चैत्रात दोन डोंगर उतरून आणते. ते उठतात तेव्हा हंडा भरलेला, जेवायला बसतात तेव्हा भरलेला. त्यांना काय माहीत पाणी कुठनं येतं?"

ताईंनी ते इंग्रजीत सांगितलं. एल्साबाईनं हात पुढं केला, डोळ्यांनी विचारलं, आणि वयनीनं मान वाकवल्यावर त्या जागेवर हात ठेवला.  

मग वयनी साहेबांकडं वळली. "साहेब, कागदावर विहीर आहे ना? तुम्ही चैत्रात या. दोर मी देते, खाली उतरा. तुमचे कपडे भिजले तर मी धुऊन देईन. आणि भिजले नाय तर तसं कागदावर लिहा."

सगळे हसले. साहेबही हसले, आणि माणूस चांगला म्हणायचा, त्यांनी फाइल परत उघडली आणि पेन काढला. "चैत्रात येतो."

एल्साबाईनं शेवटचं विचारलं ते धोंडूबाबांना. पाइप पुढं फुटला, गळला, तर जबाबदार कोण? बऱ्याच ठिकाणी आम्ही पाइप देतो आणि वर्षात ते गंजून पडतात. आम्ही तर आमच्या देशी असणार, आणि साहेबांची बदली झालेली असणार.

धोंडूबाबा उठून उभे राहिले. देवळात गाऱ्हाण्याला राहतात तसे. वयनीनं पदर सावरला होता, तिच्याकडं हात करून बोलले, "ही."

"आणि तुम्ही?"

"मी ही सांगंल ते करीन. आणि गाव मी सांगंल ते करतं. जमलं?"

ताईंनी सांगितल्यावर बाई एवढी हसली की वही वाळूत पडली.

चैत्र

साहेब शब्दाला जागले. चैत्रात दोन तास डोंगर चढून आले. वयनीनं दोर दिला. ते विहिरीत उतरले आणि बुटावर धूळ घेऊन वर आले. ओटीवर बसले, वयनीनं गूळपाणी दिलं. तांब्या तोंडाला लावला आणि थांबले, तिला विचारलं, "हे कुठनं आणलंत?" तिनं नुसता हात केला, खाली दरीकडं. त्यांनी ते पाणी थेंब न सांडता प्यायलं आणि तिथंच ओटीवर बसून कागद लिहिला. पावसाच्या तोंडाला पाइप आले. बाकीची दोन गावं राहिली ह्याचं वाईट वाटतं. ताई बोलतायत, त्यांचंही पुढच्या खेपेला बघू. वयनी त्या गावच्या बायांना भेटून आली, अर्ज कसा मांडायचा ते शिकवून आली. मला नेलं नाय.

तर मुंबईकर मंडळी, पाइप देवळात आहेत, झरा कातळाखाली आहे, आणि मधली खोदाई आपली आहे. दिवाळीला जे येतील त्यांनी चार दिवस जास्त राहावं. पिकाव, फावडी इथं आहेत, तुम्ही हात घेऊन या. गावकीनं ठरवलंय, आणि आता गावकीत वयनी खांबाच्या अलीकडं बसते, तेव्हा ठरलं म्हणजे ठरलं. माझ्या थोरल्या भावानं खास यावं. का ते आल्यावर कळंल.

आता माझं एक सांगतो आणि संपवतो. भाट्याहून आलो त्याच्या दुसऱ्या दिवसापासून मीही पाणवठ्यावर जातो. पहिल्या दिवशी बाया वाट अडवून बघायला उभ्या. चुंबळ डोक्यावर राहीना, हंडा चुंबळीवर राहीना, आणि मी वाटेवर राहीना. घरी पोचलो तर सदरा चिंब. वयनीनं हंड्यात वाकून बघितलं आणि बोलली, "भावजी, विहिरीपेक्षा बरं आहे."

आता जमतं मला. गुरुजींना बोललो, लिहा, गंगाराम रोज पाण्याच्या दोन खेपा घालतो. गुरुजी लिहायला लागले. ओटीच्या दुसऱ्या टोकाला वयनी तांदूळ निवडत बसली होती.  तिनं नुसतं सुपातनं डोकं वर केलं.

"एक लिहा, गुरुजी," मी बोललो. "आणि तीही अर्धी."